अकरा नंबरची चूल

"आधी पीठ गार पाण्यात कालवायचं असतंय, पोरी. मग वतायचं. तू आपली उकळत्या पाण्यात मुठीनं टाकतीयास. गुठळ्या हुतील न्हाईतर काय हुईल?"

सात नंबरच्या काकूंनी माझ्या हातातली पळी काढून घेतली आणि पातेल्यात डोकावून पाहिलं. नाचणीची आंबील म्हणून मी जे काही शिजवत होते, त्यात गोट्यांएवढ्या गुठळ्या तरंगत होत्या.

"आई घरी काय शिकवत न्हवती व्हय गं?"

"शिकवत होती. मीच शिकत नव्हते."

"ते दिसतंयच," काकू म्हणाल्या. त्यांनी पळीच्या पाठीनं एकेक गुठळी पातेल्याच्या कडेला दाबून मोडायला घेतली. मोडता मोडता त्या माझ्याकडं न बघता म्हणाल्या, "आज कसं हाय?"

"हाय तसं हाय," मी म्हणाले.

हे उत्तर मला त्यांनीच शिकवलं होतं. पहिल्या दिवशी मी भाबडेपणानं "आज जरा बरं वाटतंय" म्हणाले, तर त्यांनी माझ्या तोंडावर हातच ठेवला होता. इथं बरं आहे म्हणायचं नाही. दृष्ट लागते. जास्त झालंय असंही म्हणायचं नाही, कारण मग ते खरं होतं. हाय तसं हाय, एवढंच म्हणायचं आणि आपापल्या चुलीत फुंकर घालायची.

कृष्णाकाठच्या एका गावातला तो दवाखाना. तेव्हा आमच्या सगळ्या भागातली माणसं मोठ्या दुखण्याला तिथंच जायची. मी विट्याच्या कॉलेजात पहिल्या वर्षाला होते. आप्पांचं शिवणकामाचं दुकान होतं. पोटात दुखतं, दुखतं म्हणत त्यांनी वर्षभर सोडा खाल्ला आणि एक दिवस मशीनवरच कोसळले. अल्सर फुटला होता. दादाची नोकरी नवी, वहिनी नुकतीच बाळंत झालेली, आई तिच्यापाशी अडकलेली. मग उरले मी. घरात सगळ्यांत धाकटी, लाडावलेली, कपभर चहा केला तरी जिचं कौतुक व्हायचं अशी.

ऑपरेशन पार पडलं होतं, पण ताप उतरत नव्हता. डॉक्टर रोज एकच वाक्य बोलायचे. "ताप उतरू द्या, मग बघू." त्या 'मग बघू'च्या अलीकडं आप्पा होते आणि पलीकडं काय होतं ते मला कुणी सांगत नव्हतं. विचारायची माझी हिंमतही होत नव्हती.

दवाखान्याच्या मागच्या अंगाला पत्र्याची एक लांब शेड होती. पेशंटच्या माणसांनी तिथं राहायचं, तिथंच रांधायचं. दोन्ही भिंतींना लागून तीन-तीन दगडांच्या चुली मांडलेल्या, आणि प्रत्येक चुलीच्या वर भिंतीवर चुन्यानं काढलेला आकडा. पुरुषांच्या वॉर्डात तुमचा पेशंट ज्या नंबरच्या खाटेवर, त्या नंबरची चूल तुमची. डब्यावरही तोच नंबर रंगवलेला असायचा. सकाळी आंबील, पेज, जे काय असेल ते डब्यात भरून वॉर्डच्या मागच्या दारात ठेवायचं. गजा नावाचा वॉर्डबॉय ते डबे आत न्यायचा आणि नंबर बघून त्या त्या खाटेपाशी ठेवायचा. आम्हाला आत सोडत ते फक्त चार वाजता.

त्यामुळं शेडमध्ये नावं कुणाला नव्हतीच. कोण कुठल्या गावचं, कुणाच्यातलं, हेही कुणी विचारत नसे. तीन नंबरचे मामा, चौदा नंबरच्या वहिनी, सात नंबरच्या काकू. मी अकरा नंबरची पोर. घरी मला मालन म्हणत. शेडमध्ये दोन-तीन दिवसांतच माझं मीच ते विसरले.

काकू जत भागातल्या. उंच, काटक, कपाळावर मोठं कुंकू आणि तोंड म्हणजे तिखटाचा डबा. त्यांच्या मालकांचंही पोटाचंच ऑपरेशन झालं होतं. माझी चूल त्यांच्या चुलीसमोर होती, एवढ्याच नात्यावर त्यांनी माझा पहिल्या दिवसापासून ताबा घेतला. ओलं जळण कसं रचायचं, भांड्याला बाहेरून माती कशी लावायची, सगळं शिकवलं. आणि शिकवता शिकवता माझा इतका उद्धार केला की तेवढा माझ्या आईनंही कधी केला नव्हता. रात्री मात्र त्या माझ्या अंगावर त्यांचीच वाकळ टाकायच्या आणि स्वतः पदर घेऊन झोपायच्या.

चार वाजता मी आत गेले की आप्पा उशीवर मान वळवायचे. त्यांची अकरा नंबरची खाट सिस्टरच्या टेबलाशेजारी होती.

"मालन, डॉक्टर देतात तेवढ्या गोळ्या पुरत नाहीत का गं? आंबिलीतूनसुद्धा देतेस?"

टाके दुखतील म्हणून ते हसू दाबायचे. अंग चुलीवरच्या तव्यासारखं तापलेलं असायचं आणि तरी ते थट्टा करायचे. मी बाहेर येऊन काकूंना सांगायचे आणि काकू पदरात तोंड घालून हसायच्या.

"तुझ्या बापाला एकदा माझ्या हातची पाजती. मग तुझी थूऽ करून टाकतील."

"पाजा की!"

"न्हाई. लेकीच्या हातचीच पाजायची. गुठळ्या असूदेत. त्यानं बी ताकद येती."

हसत होतो, पण कान सगळ्यांचे त्या मागच्या दाराकडं. गजा दारात येऊन मोठ्यानं नंबर ओरडला, की समजायचं औषध आणायचंय, नाहीतर बर्फ. त्याच्या ओरडण्यानं सगळ्यांना हायसं वाटायचं. भीती वाटायची ती तो न ओरडता पायऱ्या उतरून खाली यायला लागला म्हणजे. मग शेडमधल्या सगळ्या पळ्या जागच्या जागी थांबायच्या. भाकरी तव्यावर करपायची, पण कुणी उलटत नसे. गजा मान खाली घालून चुलींच्या मधून चालत यायचा आणि कुणाच्या तरी समोर उभा राहायचा. एकदाच पाहिलं होतं मी ते, पण पुष्कळ झालं.

तो दिवस सकाळी इतर दिवसांसारखाच उगवला. काकूंनी शिकवल्याप्रमाणं मी पीठ गार पाण्यात कालवलं, पण ढवळायला कंटाळले आणि व्हायचं ते झालं. डबे गेले. माझा अकरा नंबरचा, काकूंचा सात नंबरचा, शेजारी शेजारी. दुपारपर्यंत दादा येणार होता. तो येणार म्हणून मी केस धुऊन उन्हात बसले होते.

वॉर्डात झाडलोट करणाऱ्या हौसाबाई नळावर बादली भरायला आल्या. चौदा नंबरच्या वहिनी तिथं भांडी घासत होत्या. हौसाबाई त्यांच्या कानाशी लागून काहीतरी बोलल्या आणि बादली अर्धीच भरून निघून गेल्या. वहिनी तशाच राख लागलेल्या हातांनी काकूंकडं आल्या. मग तीन नंबरचे मामाही आले. तिघं जळणाच्या ढिगाआड उभे राहिले. मामांनी टोपी काढून हातात घेतलेली मी पाहिली. मला वाटलं, जळणाचं काहीतरी चाललंय.

केस वाळले. मी उठून स्वयंपाकाला लागले. दादा येणार, तेव्हा भाकरी कशाही झाल्या तरी भाजी बरी करावी असा बेत होता. चुलीत काटक्या रचल्या, कोनाड्यात हात घातला, तर काडेपेटी नाही.

"काकू, माझी काडेपेटी दिसली का?"

"न्हाई बा."

"मग तुमची द्या."

काकू त्यांच्या चुलीसमोर बसल्या होत्या. त्यांची चूलही विझलेली होती. त्या माझ्याकडं न बघता म्हणाल्या, "कशाला चूल पेटवतीयास आज? ऊन किती पडलंय. मी सकाळी भाकरी जास्तीच्या थापल्यात. ये, बस, खा."

"पण दादा येणारै."

"त्याचं बी बघू. ये तू."

मला गंमत वाटली. उष्णतेचा आणि काकूंचा काही संबंध असेल असं मला आजवर दिसलं नव्हतं. मी मामांकडं गेले. मामा बिडीसाठी काड्या जवळ ठेवायचे.

"मामा, काडेपेटी?"

मामांनी खिसे चाचपले. वरच्या खिशात काडेपेटीचा चौकोन मला दिसत होता. "संपली बघ," ते म्हणाले, आणि दुसरीकडं बघायला लागले.

मी परत आले. तर माझ्या चुलीतल्या काटक्या कुणीतरी काढून बाजूला ठेवल्या होत्या. काकूंनी माझा हात धरून मला खाली बसवलं आणि स्वतःच्या हातानं माझे केस विंचरायला घेतले. एक शब्द टाकून बोलल्या नाहीत. वेणी घालताना त्यांची बोटं मधेच थांबायची, पुन्हा चालू व्हायची.

"काकू, आज मला शिव्या नाही दिल्यात ते?"

"रोज रोज काय द्यायच्या," त्या म्हणाल्या, आणि वेणीचा पेड घट्ट ओढला.

एवढ्यात चौदा नंबरच्या वहिनी पदराआड झाकून एक थाळी घेऊन आल्या. त्यांनी ती माझ्यापुढं ठेवली. थाळीत भाकरी होती आणि पिठलं होतं.

"खा गं," त्या म्हणाल्या.

काकूंनी वेणी सोडली. "पिठलं कशाला आणलंस गं?" त्या दबक्या आवाजात वहिनींवर खेकसल्या. "भात हुता की माझ्यापाशी! ईवढीबी अक्कल न्हाई?"

वहिनींनी जीभ चावली. माझ्याकडं बघितलं आणि तोंड फिरवलं.

मी त्या थाळीकडं बघत राहिले. आमचे आजोबा गेले तेव्हा मी लहान होते. आईनं त्या दिवशी चूल पेटवली नव्हती. शेजारच्यांनी आणून दिलं होतं, पिठलं आणि भाकरी. मी भाजी मागितली तर आत्यानं दटावलं होतं, आज हेच खायचं असतं. ज्या घरात माणूस जातं, त्या घरची चूल पेटत नाही. शेजारी कडू घास आणतात. काडेपेटी हरवली नव्हती. मामांच्या काड्या संपल्या नव्हत्या. अकरा नंबरची चूल आज पेटायची नव्हती.

"काकू," मी म्हणाले, "माझे आप्पा..."

"तुझा भाऊ येऊदे," काकू म्हणाल्या. त्यांनी मला दोन्ही हातांनी घट्ट धरलं. "एवढं ऐक माझं. भाऊ येऊदे, मग जाऊ आपुन सगळी. एकटीनं न्हाई जायचं."

मी त्यांचे हात सोडवले आणि पळत सुटले.

मागच्या दारावरच्या माणसानं मला हटकलं, ते मला ऐकू आलं, थांबले नाही. वॉर्डात फिनेलचा वास होता. सिस्टरच्या टेबलाशेजारी, अकरा नंबरच्या खाटेभोवती हिरवा पडदा लावला होता. पडद्याच्या खालून खाटेचे चार पाय तेवढे दिसत होते. बाजूच्या स्टुलावर माझा डबा होता. अकरा आकड्याचा. झाकण सकाळी मी लावलं होतं तसंच घट्ट. उघडलाच नव्हता.

त्या न उघडलेल्या डब्यानं माझं सगळं अवसान गेलं. मी तिथंच फरशीवर बसले. आप्पांनी माझी आंबील खाल्ली नाही, एवढंच डोक्यात. गुठळ्या होत्या म्हणून नाही खाल्ली. ढवळायचा कंटाळा केला म्हणून नाही खाल्ली. वेड्यासारखं तेच तेच.

"मालन?"

मी मान वर केली नाही. आता असा भास होणारच, असं मला वाटलं.

"अगं मालन, इकडं. तिकडं काय बसलीस?"

वॉर्डाच्या दुसऱ्या टोकाला, खिडकीखाली, सात नंबरच्या खाटेवर आप्पा कोपरावर टेकून उठायला बघत होते.

मी कशी तिथवर पोहोचले ते आठवत नाही. त्यांच्या छातीवर डोकं ठेवलं ते आठवतं. त्यांच्या अंगाला घाम आला होता. गार, ओला घाम. ताप उतरला होता.

"पहाटे हलवलं गं मला," आप्पा म्हणत होते. "सात नंबरवाले बिचारे फार घाबरे झाले. ऑक्सिजनचं नळकांडं तिकडं टेबलापाशीच, म्हणून त्यांना तिकडं नेलं आणि मला इथं आणलं. पण काही उपयोग..." ते थांबले. मग सवयीनंच माझ्या पाठीवर थोपटत म्हणाले, "रडतेस काय? ताप गेला माझा. आज आंबील काय झाली होती! कुणी केली? एकसुद्धा गुठळी नाही. चाटून पुसून खाल्ली मी."

त्यांच्या स्टुलावर रिकामा डबा होता. त्यावर सात आकडा होता.

मला तेव्हा कुठं समजलं. हौसाबाई नळावर खोटं बोलल्या नव्हत्या. अकरा नंबर गेला, असंच त्या म्हणाल्या असणार, आणि ते खरंच होतं. खाटा बदलल्या होत्या. चुली त्याच होत्या.

आनंद झाला की नाही? झाला. खोटं कशाला सांगू. असा आनंद मला जन्मात पुन्हा झाला नाही. आणि त्याच क्षणी मला माझ्या अंगावर टाकलेली ती वाकळ आठवली, आणि तो आनंद कुठं ठेवू असं मला झालं.

सिस्टर माझ्याशेजारी येऊन उभ्या होत्या. "डॉक्टर थिएटरमध्ये आहेत," त्या म्हणाल्या. "ते बाहेर आले की गजाला खाली पाठवणार होतो, त्यांच्या बाईंना बोलवायला."

"गजाला पाठवू नका," मी म्हणाले. "मी आणते त्यांना."

आप्पांनी माझा हात एकदा दाबला आणि सोडला.

शेडमध्ये सगळे उभे होते. मी दारातून बाहेर आले तशी वहिनींनी पदर डोळ्यांना लावला. मामा टोपी हातात घेऊन एका बाजूला झाले. मला वाट करून दिली सगळ्यांनी. पायऱ्या उतरून, मान खाली घालून, मी चुलींच्या मधून चालत गेले. गजा असाच चालायचा.

काकूंनी हात पसरले. "ये माझे बाय," त्या म्हणाल्या, आणि मला पोटाशी धरलं.

मी बोलायचं ठरवून आले होते. वॉर्डातून निघताना शब्दसुद्धा जुळवले होते. पण त्यांच्या लुगड्याला चुलीच्या धुराचा वास येत होता, आणि माझा बांध फुटला. त्या मला थोपटत होत्या.

"रड. रडून घे. आतल्या आत ठिवू नगंस. म्या हाय न्हवं? तुझा भाऊ येस्तवर म्या हाय. आईबाप काय जन्माला पुरत्यात व्हय? गेला त्यो सुटला. तापानं लई भाजला बिचारा."

त्या मला समजावत होत्या, आणि मी त्यांच्या दुःखाला रडत होते. किती वेळ, कोण जाणे. मग त्यांनी पदरानं माझं तोंड पुसलं.

"घसा वाळला असंल. थांब, उलीसा चहा टाकती."

त्यांनी कनवटीला हात घातला आणि काडेपेटी काढली. माझीच होती, मला ओळखू आली. त्या आपल्या चुलीकडं वळल्या, काटक्या सारख्या केल्या, आणि पेटीतून काडी काढली.

मी त्यांच्या हातावर हात ठेवला.

"काकू," मी म्हणाले. "चूल नका पेटवू."

"अगं, ही माझी चूल हाय. तुझी न्हवं."

मी हात काढला नाही. मी नुसती मान हलवली आणि त्यांची बोटं घट्ट धरून ठेवली.

काकूंनी माझ्या तोंडाकडं बघितलं. मग वर भिंतीवरच्या सात आकड्याकडं बघितलं. मग पुन्हा माझ्याकडं. त्यांच्या बोटांतली काडी पेटीसकट खाली पडली, पण त्यांनी ती उचलली नाही.

"तुझं आप्पा?" त्यांनी विचारलं.

"बरे आहेत, काकू."

बरे आहेत म्हणाले मी. त्या शेडमध्ये जो शब्द कुणी उच्चारत नव्हतं, तो उच्चारला. दुसरा शब्द मला सुचलाच नाही.

"बरं झालं," काकू म्हणाल्या. त्या दगडावर हात टेकून उठल्या. पदर डोक्यावरून घेतला. "चल. मला ने."

दादा दुपारच्या एसटीनं आला तेव्हा आप्पा उशीला टेकून बसले होते. दादा त्यांच्याजवळ जेमतेम पाच मिनिटं बसला. काकूंचा पुतण्या जवळच्या साखर कारखान्यावर होता, त्याला निरोप गेला, तो आला. त्यांचं गाव लांब, म्हणून नदीवरच न्यायचं ठरलं. खांद्याला पुतण्या, तीन नंबरचे मामा, गजा, आणि आमचा दादा. ज्याचं नाव माहीत नाही अशा माणसाला दादानं खांदा दिला. तो अजून ते सांगतो.

काकू परत शेडमध्ये येऊन आपल्या चुलीसमोर बसल्या. कपाळ पुसलेलं होतं. बायका त्यांच्याभोवती बसल्या होत्या. मी उठले. माझ्या चुलीत काटक्या रचल्या, काकूंच्या पायापाशी पडलेली काडेपेटी उचलली आणि अकरा नंबरची चूल पेटवली.

"मी करते," चौदा नंबरच्या वहिनी म्हणाल्या.

"नाही. मीच करणार."

बेसन गार पाण्यात कालवलं. फोडणी दिली, पाणी उकळलं, कालवलेलं ओतलं. यावेळी ढवळायचा कंटाळा केला नाही. पण धूर डोळ्यात जात होता, आणि काय सांगू, त्याही दिवशी गुठळ्या झाल्याच. पुढं माझ्या सुना माझ्याकडून पिठलं शिकल्या. गुठळी म्हणून दिसायची नाही. त्या दिवशी मात्र पातेल्यात बघून मला रडू आलं.

दिवेलागणीला माणसं नदीवरून परत आली. मी भाकरीवर पिठलं वाढून काकूंपुढं ठेवलं. त्या बघत बसल्या. वहिनींनी एक घास करून त्यांच्या तोंडात घातला. काकूंनी तो बराच वेळ तोंडात घोळवला.

"गुठळ्या झाल्यात," त्या म्हणाल्या.

"हो, काकू."

त्यांनी थाळी बाजूला सारली. एवढा एक घास खाल्ला हेच खूप होतं, कुणी आग्रह केला नाही. नदीवर जायच्या आधी गजानं नेहमीसारखे सगळ्यांचे डबे आणून शेडच्या कठड्यावर ठेवले होते. काकूंची नजर तिकडं गेली.

"पोरी," त्या म्हणाल्या, "सकाळची आंबील त्यांनी खाल्ली व्हती का गं? तू बघितलंस? उपाशी तर न्हाई गेलं?"

मी कठड्यावरून सात नंबरचा डबा आणला आणि झाकण काढून त्यांच्यापुढं धरला. आत नखभरसुद्धा आंबील उरली नव्हती.

"खाल्ली, काकू. सगळी खाल्ली."

काकूंनी डबा हातात घेतला. आत बघितलं. मग बाहेरून फिरवला आणि रंगवलेल्या आकड्यावरून अंगठा फिरवत राहिल्या.

"डबं नंबरावर जात्यात, पोरी," त्या हळूच म्हणाल्या.

मी मान खाली घातली.

"तुझ्या आप्पांनी खाल्ली व्हय?"

"हो," मी म्हणाले. "एकसुद्धा गुठळी नव्हती म्हणाले. चाटून पुसून खाल्ली."

काकूंनी डब्याला झाकण लावलं, तो मांडीशी ठेवला. मग बाजूला सारलेली थाळी त्यांनी स्वतःच पुढं ओढली.

"झालं तर मग," त्या म्हणाल्या. "केलेलं वाया न्हाई गेलं."

आणि माझ्या पिठल्याचा दुसरा घास त्यांनी आपल्या हातानं घेतला.